मॅच सुरू असेपर्यंतचा दिवा

कुसुमच्या वाती निम्म्याच वळून झाल्या होत्या. मांडीवर पितळी ताटली, तिच्या एका कडेला पिंजलेला कापूस, दुसऱ्या कडेला वळलेल्या वातींची जुडी, आणि बोटं ओली करायला वाटीत दोन चमचे दूध. सोमवारी नीळकंठरावांना दवाखान्यात दाखल व्हायचं होतं. दोन्ही गुडघे बदलायचे होते. म्हणजे आठ-दहा दिवस घर बंद, आणि तेवढे दिवस देवापाशी दिवा लावायचं काम शेजारच्या वंदनाकडे. वंदना करेल सगळं मनापासून, पण वाती बाजारच्या आणेल. बाजारच्या वाती भसाभस तेल पितात नि चटकन विझतात. म्हणून कुसुम आपल्या हातच्या वाती डब्यात भरून देणार होती.

तेवढ्यात फाटकाची कडी वाजली आणि पाठोपाठ आवाज आला, "ओये खानझोडे! है कि गया?"

बलबीर सिंग होता. कारखान्याच्या बास्केटबॉल टीमचा जुना कॅप्टन. आता दाढी पांढरी, पोट पुढे, पण आवाज तोच. दर सहा महिन्यांनी कारखान्याच्या पिपलानी वसाहतीतून इथं बाग सेवनियापर्यंत स्कूटर हाणत यायचा, दोन कप चहा प्यायचा, आणि प्रत्येक वेळी तीच चौऱ्याऐंशी सालची फायनल सांगायचा.

नीळकंठराव आतल्या खोलीतून भिंतीचा आधार घेत आले. सहा फूट दोन इंचांचा माणूस. दारातून येताना अजूनही मान खाली घालायचे. खरं तर या घराची दारं त्यांनी मुद्दाम उंच करून घेतली होती, पण कारखान्याच्या क्वार्टरमधली तीस वर्षांची सवय मानेत राहून गेलेली.

"बस," ते बलबीरला म्हणाले. "सोमवार को जाना है."

"पता है. इसीलिए आया." बलबीरने खुर्ची ओढली. "नये घुटने लगवाके फिर सेंटर खेलेगा क्या?"

"डॉक्टर बोला, चलना-फिरना होगा. दौड़ना-कूदना खतम."

"दौड़ना-कूदना तो बीस साल पहले खतम हुआ," बलबीर हसला. मग कुसुमकडे वळून म्हणाला, "भाभीजी, आपने तो इसका दौड़ना-कूदना देखा ही नहीं. एक बार आईं, बस. उसके बाद ये बेवकूफ हर मैच में गुलमोहर की तरफ देखता रहता था. मैं चिल्लाता, अबे, बॉल इधर है!"

"जाने दे ना," नीळकंठराव म्हणाले. त्यांनी मान वळवली.

कुसुमच्या बोटांतली वात अर्धीच राहिली. कापूस एकीकडे पीळ घेतलेला, दुसरीकडे मोकळा. कोर्टावर गुलमोहराच्या बाजूला बायकांची बाकं असायची. तिथं ती बसली होती, आयुष्यात एकदाच.

ती ऐंशी सालच्या डिसेंबरची गोष्ट. लग्नाला जेमतेम महिना झाला होता. कुसुम उज्जैनची, वडील तिथं शाळेत शिक्षक, घरात महाकालाचा सोमवार आणि पहाटेचं स्तोत्र. नीळकंठ वर्ध्याचा. कॉलेजच्या टीमकडून खेळत होता तेव्हा कारखान्याच्या क्रीडा अधिकाऱ्याने त्याला हेरलं आणि खेळाडूंच्या कोट्यातून नोकरी दिली. स्थळ सांगून आलं तेव्हा कुसुमच्या वडिलांनी विचारलं होतं, "मुलगा करतो काय?" मध्यस्थ म्हणाले, "चेंडू खेळतो, आणि त्याचाच पगार मिळतो." वडिलांना ते दोन दिवस पटेना.

पिपलानीच्या कोर्टावर त्या दिवशी कुठल्याशा बाहेरच्या टीमशी सामना होता. क्वार्टरमधल्या बायकांनी नव्या नवरीला ओढूनच नेलं. तिनं आंब्याच्या रंगाची शाल पांघरली होती. खेळातलं तिला ओ की ठो कळत नव्हतं. एवढंच दिसलं, की आपला नवरा, जो घरात एवढासा होऊन, गुडघे छातीशी घेऊन जेवायला बसतो, तो इथं ताठ उभा आहे आणि आभाळाला हात लावतो आहे. मग शेवटच्या मिनिटाला चेंडू त्याच्या हातात आला. तो वळला. वळता वळता त्यानं गुलमोहराकडे पाहिलं. आणि पाऊल मुरगळून तो सिमेंटवर आपटला. टीम एका गुणानं हरली.

 घरी परतताना एकजण हळूच म्हणाली, "नव्या नवरीची नजर बाई."

त्या संध्याकाळी कुसुम नवऱ्याच्या घोट्यावर आंबेहळदीचा लेप घालत होती. पाय भोपळ्याएवढा सुजला होता. तो भिंतीकडे तोंड करून म्हणाला, "उद्या तू येऊ नको बाप्पा. घरीच देवापाशी बस."

झालं. दुसऱ्या दिवशी तो पुढच्या सामन्याला गेल्याबरोबर कुसुमनं पाट मांडला, निरांजन लावलं आणि हात जोडून बसली. तो येईपर्यंत उठायचं नाही, दिवा विझू द्यायचा नाही. रात्रीच्या जेवणाआधी तो आला. पायाला पट्टी, पण चेहरा उजळलेला. शेवटची दहा मिनिटं त्याला कोर्टावर उतरवलं होतं आणि टीम जिंकली होती.

कुसुमनं देवाला नमस्कार केला आणि मनोमन नेम धरला. मॅच असेल तेव्हा आपण दिव्यापाशी. कोर्टावर जायचं नाही. आणि हे कुणाला सांगायचंही नाही, नवऱ्यालाही नाही. तिच्या आईचं म्हणणंच होतं, धरलेला नेम तोंडानं बोलला की त्याचं फळ वाऱ्यावर जातं.

पुढची अकरा वर्षं तिनं तो पाळला. तो लुधियानाला जावो, मद्रासला जावो की जमशेदपूरला. सामन्यांचं वेळापत्रक तो कपाटाच्या दाराला आतून चिकटवून जायचा. ती पंचांगाशेजारी ते वाचायची. मॅच सहाची, तर साडेपाचला हातपाय धुऊन ती बसलेली. एकदा शेगडीवर दूध ठेवून विसरली. दूध उतू गेलं, ओट्यावरून जमिनीवर आलं, करपल्याचा वास सगळ्या ब्लॉकला गेला, पण ती उठली नाही. अनुराधा झाली तेव्हा तान्ही पोर मांडीवर घेऊन बसली. क्वार्टरमधल्या बायका म्हणायच्या, "खानझोडे वहिनींसारखी भक्ती बघितली नाही बाई. संध्याकाळचे तीन-तीन तास!" कुसुम हसून गप्प राहायची. देवाला ठाऊक होतं, आणि तेवढं पुरे होतं.

खेळ तिला कळला तो धुण्यातून. अकरा नंबरची पिवळी बंडी. खांद्याशी ताणलेली असली तर कुणीतरी मागून ओढलंय. लांब मोजे गुडघ्याशी फाटलेले असले तर हा जमिनीवर झेपावला. मिठाचे पांढरे डाग पाठीवर जास्त, म्हणजे शेवटपर्यंत उभा होता. कमी, म्हणजे बसवून ठेवला. ती डाग मोजायची आणि मनातल्या मनात मॅच रचायची. बूट दाराशी जोडीनं नीट ठेवले, म्हणजे हरले. एक इकडे नि एक तिकडे फेकले, म्हणजे जिंकले. तो सांगायच्या आधी तिला कळलेलं असायचं.

आणि काही गोष्टी कळायच्या नाहीत. तो कुठलीही गोष्ट सुरू करायच्या आधी बोटांनी तीनदा टिचकी मारायचा. बॅग उचलायच्या आधी बॅगेवर तीन, घराबाहेर पडताना चौकटीवर तीन, ताटावर बसला तरी पाटावर तीन. "ही काय खोड?" तिनं एकदा विचारलं. तो म्हणाला, "काय माहीत. लागली."

एक्क्याण्णवमध्ये त्याचं नाव टीमच्या यादीतून गेलं. वय सदतीस. ज्या दिवशी यादी लागली त्या दिवशी त्यानं बूट दाराशी नीट जोडीनं ठेवले. नंतर बूट ट्रंकेत गेले.

मग सुरू झालं ते खरं अवघड. चौदा वर्षं तो सकाळी हजेरीचं कार्ड टोचायचा, दुपारी तीनला सरावाला निघायचा आणि सेक्शनमध्ये त्याची खुर्ची रिकामी असायची. आता तो दिवसभर त्या खुर्चीवर. काम कुणी शिकवलंच नव्हतं, आणि त्यानंही कधी विचारलं नव्हतं. स्टोअरमधल्या हजारो सुट्या भागांचे नंबर, त्यांच्या पाट्या, त्यांची कपाटं. सेक्शनमधले लोक मनाचे वाईट नव्हते, पण जीभ काबूत कुणाची असते? फाइल घेऊन तो इकडे तिकडे पाहायला लागला की एकजण म्हणायचा, "खानझोडे, ये बॉल नहीं है. पास मत करो, पढ़ो!" सगळे हसायचे. तोही हसायचा. घरी आला की जेवताना हसू संपलेलं असायचं.

त्याला काम शिकवलं मीना नावाच्या मुलीनं. वयानं त्याच्याहून पंधरा वर्षांनी लहान, नोकरीला लागून दोन वर्षं झालेली. तो तिच्यासमोर वही घेऊन बसायचा. वर्षभरात त्याला सगळे नंबर पाठ झाले. कुणी विचारलं की कपाट न उघडता सांगायचा, वरचा खण, डावीकडे. तिथंही उंचीचा उपयोग झाला. शिडी लागायची नाही. निवृत्त झाला तेव्हा मीना रडली. म्हणाली, "अब ऊपर के खाने से सामान कौन निकालेगा?"

बाग सेवनियाच्या घरात आल्यावर उंचीला तेवढंच काम उरलं. सोसायटीतल्या बायका फाटकातून हाक मारायच्या, "खानझोडे काका, जरा बल्ब बदलून देता?" ते आनंदानं जायचे. मग गुडघ्यांनी ते काम पण काढून घेतलं. स्टुलावर चढता येईना, आणि स्टुलाशिवाय हात पुरायचा तरी पाय थरथरायचे. मागच्या वर्षीपासून कुणी हाक मारेनासं झालं.

आणि कुसुमच्या मनात एक काटा होता, जुना. तिनं या माणसाशी चौतीस वर्षं संसार केला. त्याचे मोजे शिवले, त्याचे घोटे चेपले. आणि ज्या गोष्टीमुळे तो तो होता, ती पूर्ण अशी एकदाही पाहिली नाही. सगळं गाव पाहून आलं. बलबीरने पाहिलं, लुधियानाच्या अनोळखी लोकांनी पाहिलं. तिनं फक्त दिवा पाहिला. नेम मोडल्याचं दुःख माणूस सांगतो, पण नेम पाळल्याचं दुःख कुणी कुणाला सांगतं का? देवासमोर हे मनात आलं तरी ती कान पकडायची.

बलबीर चहा पिऊन गेला. कुसुम तशीच बसून होती, अर्धी वात हातात.

"खरं म्हणतो का तो?" तिनं विचारलं.

"काय?"

"गुलमोहराकडे बघायचात म्हणे."

नीळकंठरावांनी हातानं गुडघा चोळला. मग म्हणाले, "बघायचो कधी कधी. मला वाटे, येशील. तुला आवडत नाही असं दिसलं, मग सोडलं."

"मला आवडत नाही?" कुसुमचा आवाज चढला. "तुम्हीच म्हणालात, येऊ नको, देवापाशी बस!"

"मी? कधी?"

"पाय मुरगळला तेव्हा. लेप लावत होते मी."

त्यांनी आठवायचा प्रयत्न केला. कपाळावर आठी आली आणि हळूहळू गेली. "हो... पण ते त्या दिवसापुरतं होतं ना व. मी लंगडत होतो. लग्नाला महिना झालेला. लंगडत बाकावर बसलेला तुला दिसायला नको होतो मी. म्हणून म्हटलं."

"त्या दिवसापुरतं," कुसुम म्हणाली.

"मग तू काहून नाही आली नंतर?"

तिला सांगावं लागलं. चौतीस वर्षांत पहिल्यांदा नेम तोंडून बाहेर पडला. ती ताटलीकडे पाहून बोलत होती. निरांजन, पाट, उतू गेलेलं दूध, मांडीवरची अनुराधा. नीळकंठराव ऐकत होते. मधेच म्हणाले, "मला वाटे, ती तुझी रोजची पूजा."  त्यांच्या मोठ्या हाताची बोटं खुर्चीच्या दांड्यावर वाजत होती. तीन. थांबून पुन्हा तीन.

"सोमवारनंतर तर संपलंच," कुसुम म्हणाली. तिला रडायचं नव्हतं. "एकदा बघायचं होतं मला. बस."

"आता काय बघणार तू? उडी मारता येत नाही, पळता येत नाही."

"मला काय कळतं उडीतलं? तुम्ही चेंडू धरा नुसता."

ते हसले. "आणि देव? तू आलीस की मी पडतो म्हणे. सोमवारी ऑपरेशन आहे."

ती भीती तिलाही होतीच. तिनं देव्हाऱ्याकडे पाहिलं. मनात म्हणाली, अकरा वर्षं मी काही मागितलं नाही स्वतःसाठी. त्याचं जिंकणं मागितलं, त्याचे पाय मागितले. एक संध्याकाळ माझी.

"पडलात तर मी धरीन," ती म्हणाली. "तेव्हा लांब बाकावर होते. आता जवळ उभी राहीन."

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी दुपारी चार वाजता दोघं रिक्षानं पिपलानीला गेले. निघताना कुसुमनं देव्हाऱ्यात दिवा लावला नाही. समई कोरडीच ठेवून ती निघाली आणि फाटकापर्यंत दोनदा मागे वळून पाहिलं. नीळकंठरावांनी चौकटीवर तीन टिचक्या मारल्या.

बलबीरनं क्लबच्या कपाटातून चेंडू काढून आणला होता. कोर्ट तसंच होतं. सिमेंटला भेगा, एका रिंगला जाळी नाही. गुलमोहर मात्र नव्हता. त्या जागी नुसता बुंधा उरला होता, त्यावर कुणीतरी पाण्याची बाटली ठेवलेली.

"भाभीजी, चौंतीस साल लेट," बलबीर म्हणाला, आणि शहाणपणानं चहाच्या टपरीकडे निघून गेला.

नीळकंठराव रेघेवर जाऊन उभे राहिले. चेंडू हातात घेतला. कुसुम दोन पावलांवर. त्यांनी चेंडू जमिनीवर आपटला. एक, दोन, तीन. मग थांबले, श्वास घेतला, आणि गुडघे न वाकवता नुसत्या हातांनी चेंडू सोडला.

तो रिंगला लागून बाहेर गेला. कुसुमचं तिकडे लक्षच नव्हतं. ती त्यांच्या बोटांकडे बघत होती. बॅगेवर तीन, चौकटीवर तीन, पाटावर तीन. इतकी वर्षं हा खेळ तिच्या घरातच होता, आणि तिला ती नुसती खोड वाटत होती.

"बघ, गेला वाया," ते म्हणाले.

"पुन्हा."

पाचवा चेंडू आत पडला. सहावा पण. जाळी नसल्यामुळे आवाज झाला नाही. नुसता खाली आला. ते घामाघूम झाले होते. मग एकाएकी म्हणाले, "हे काही खेळणं नाही, कुसुम. हे नुसतं उभं राहणं. इकडे ये. चौऱ्याऐंशीची फायनल दाखवतो. इथं उभी राहा. हात वर कर."

"काय?"

"तू समोरच्या टीमचा सेंटर. साडेसहा फुटांचा होता. हात वर."

"अहो, लोक बघतायत!" रस्त्यावरून दोन बायका भाजीच्या पिशव्या घेऊन चालल्या होत्या, खरंच थांबून बघत होत्या.

"बघू दे. पदर खोच."

कुसुमनं पदर खोचला आणि दोन्ही हात वर केले. पाच फुटांची बाई, बांगड्या कोपरापर्यंत घसरलेल्या. नीळकंठराव तिच्याकडे पाठ करून उभे राहिले, चेंडू पोटाशी. "इथं बलबीर. इथून त्यानं मला दिला. चार सेकंद उरलेले. हा माझ्या पाठीशी, म्हणजे तू. मी असा खांदा डावीकडे दाखवला. तो डावीकडे गेला. जा ना तू डावीकडे!"

ती डावीकडे सरकली.

"आणि मी उजवीकडून..." ते वळले. हळू, फार हळू, एकेक पाऊल उचलून ठेवत, लंगडत. चेहऱ्यावर मात्र लंगडणं नव्हतं. चार सेकंदांची गोष्ट त्यांना मिनिटभर लागली. तिच्या बाजूनं ते निघून गेले, हात वर गेला, आणि तिथं डावा गुडघा दगा देऊन गेला. ते कलले. कुसुमनं दोन्ही वर धरलेले हात खाली आणून त्यांना कमरेशी मिठी मारली. चेंडू हातातून सुटून टपटपत लांब गेला.

दोघं तसेच उभे. तिचं डोकं त्यांच्या बरगडीशी. 

"लागलं का?"

"नाही."

"खरं सांगा."

"नाही लागलं बाप्पा." मग वरून हळूच म्हणाले, "त्या वेळी आत गेला होता. दोन गुणांनी जिंकलो."

"माहीत आहे," कुसुम म्हणाली. "एक बूट ओट्याखाली सापडला होता."

ते हसायला लागले. तिला हसू येईना. तिला तो चार सेकंदांचा माणूस बघायचा होता, जमिनीपासून सुटलेला, पिवळ्या बंडीतला. आणि तो आता कुठेच नव्हता, या कोर्टावरही नाही. जो होता त्याला तिनं धरून ठेवलं होतं. तिनं मान वर करून रिंगकडे पाहिलं. केवढी उंच होती ती. हा एवढा वर जायचा, आणि मी घरी बसून वात सारत होते.

बलबीर चहाचे तीन ग्लास घेऊन परत आला.  नीळकंठराव बुंध्यावर बसले, कुसुम त्यांच्या शेजारी उभी राहिली. कारखान्याचा भोंगा झाला तसा सायकलींचा नि स्कूटरींचा लोंढा रस्त्यावर आला. पूर्वी याच वेळी ती हातपाय धुऊन पाट मांडायची.

घरी आल्यावर तिनं आधी दिवा लावला. नमस्कार केला. मग म्हणाली, पाहिलं मी. अर्धं पाहिलं. उरलेलं तू पाहिलंस, ते तुझ्याकडे असू दे. सोमवारी सांभाळ.

शनिवारी सकाळी अंघोळ झाल्यावर कुसुमनं ताटली पुन्हा मांडीवर घेतली. उरलेल्या वाती वळून झाल्या. गुरुवारची ती अर्धी राहिलेली वात सुकून गेली होती, तिला दुधाचं बोट लावून तिनं पुरी केली आणि जुडीत सारली. डबा भरून वंदनाकडे दिला. वंदना म्हणाली, "काकू, अजून काही राहिलंय का?"

"पायजमे राहिलेत," कुसुम म्हणाली. दवाखान्यात सैल नाडीचे लागणार होते आणि यांच्या मापाचे इथं कुठं मिळत नाहीत. तिनं पिशवी घेतली आणि जवाहर चौकाच्या बाजारातून दोन लांब मापाचे पायजमे आणायला निघाली.